ब्राउझरमधली हॉटेलं: हॉटेल चालवायच्या जुन्या गेमबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गिऱ्हाईक दारातून आत येतं. त्याची ऑर्डर घ्यायची, पदार्थ बनवायचा, वेळेत समोर ठेवायचा, टिप घ्यायची, की पुढचं गिऱ्हाईक हजर. पंधरा-वीस वर्षांपूर्वी ब्राउझरमध्ये फुकट खेळता येणाऱ्या या गेमबद्दल आज तिशीतली माणसं एवढी हळवी का होतात, असं त्यांचे आईवडीलही विचारतात आणि धाकटी भावंडंही. हे पान त्यांच्यासाठी आहे. ज्यांना ते गेम पुन्हा खेळायचे आहेत, त्यांच्या उपयोगाची माहिती शेवटच्या भागात मिळेल.

नेमके कुठले गेम?

ज्यांत तुम्ही एका खाण्याच्या दुकानाचे एकटेच कारभारी असता आणि घड्याळ तुमच्या मागे लागलेलं असतं, ते. सगळ्यांत लाडकी मालिका फ्लिपलाइन स्टुडिओज या छोट्या अमेरिकी कंपनीची. मॅट नेफ आणि टोनी सोलरी या दोघांनी ती ओहायो राज्यात सुरू केली. २००७ मध्ये 'पापाज पिझ्झेरिया' आला, २०१० मध्ये बर्गरिया, २०११ मध्ये फ्रीझेरिया. मग पॅनकेकरिया, विंगेरिया, कपकेकरिया, पास्तारिया, डोनटेरिया अशी रांगच लागली. याशिवाय 'डायनर डॅश', 'केक मेनिया', 'बर्गर शॉप', 'पेंग्विन डायनर' हेही याच घराण्यातले. यांतले काही मुळात डाउनलोड करून खेळायचे होते, पण गेमच्या साइटवर त्यांची छोटी ब्राउझर आवृत्ती बहुतेक वेळा सापडायची.

हा प्रकार सुरू कुठून झाला?

नाणं टाकून खेळायच्या यंत्रांपासून. १९८३ मध्ये बॅली मिडवे कंपनीचा 'टॅपर' आला. पडद्यावर चार लांब काउंटर, प्रत्येक काउंटरवरून तहानलेली गिऱ्हाइकं तुमच्या दिशेने सरकतायत. तुम्ही बिअरचे मग भरून त्यांच्याकडे घसरवायचे, आणि रिकामे मग परत येतात ते खाली पडून फुटायच्या आत पकडायचे. या यंत्रावर बडवायझर बिअरची जाहिरात होती. यंत्रांच्या दुकानात शाळकरी मुलंही येतात हे लक्षात आल्यावर 'रूट बिअर टॅपर' नावाची सोज्वळ आवृत्ती काढावी लागली.

आज आपण ज्याला या प्रकाराचा साचा म्हणतो तो मात्र 'डायनर डॅश'ने घालून दिला. न्यूयॉर्कच्या गेमलॅबने तो बनवला आणि प्लेफर्स्टने बाजारात आणला. ऑफिसच्या कामाला विटलेली फ्लो नावाची बाई नोकरी सोडून स्वतःचं हॉटेल काढते. गिऱ्हाइकाला टेबल द्या, ऑर्डर घ्या, ताट पोचवा, बिल द्या, भांडी उचला. प्रत्येक गिऱ्हाइकाच्या डोक्यावर पत्त्यांतले असतात तसे बदाम, आणि वेळ लागला की एकेक बदाम कमी. गंमतीचा भाग असा की एकाच जातीची कामं लागोपाठ केली तर गुण वाढत जात. म्हणजे तीन टेबलांच्या ऑर्डर एका फेरीत घेतल्या, तर तीन वेगवेगळ्या फेऱ्यांपेक्षा जास्त फायदा. पाच टेबलांकडे एकट्याने बघणाऱ्या कुठल्याही वेटरला हे सांगावं लागत नाही.

मग 'पापाज'मध्ये वेगळं काय होतं?

बरंच काही, आणि ते नीट सांगण्यासारखं आहे.

पहिलं म्हणजे कथा. मालक पापा लुई दुकान तुमच्या हवाली करून चालते होतात. पिझ्झेरियात तो भार रॉय नावाच्या पोऱ्यावर पडतो, बर्गरियात मार्टी किंवा रीटावर. प्रशिक्षण जेमतेम दोन मिनिटांचं, पगाराची बोलणी नाहीत. मोठेपणी कामगार कायदा वाचलेल्या कुणालाही हे दृश्य पाहून घाम फुटेल.

दुसरं म्हणजे 'स्टेशन'. 'डायनर डॅश'मध्ये सगळं हॉटेल एका पडद्यावर दिसतं. इथे एका वेळी एकच खोली दिसते: ऑर्डर घ्यायची, टॉपिंग टाकायची, भट्टीची आणि कापायची. तुम्ही टॉपिंग टाकत असता तेव्हा भट्टीत काय चाललंय ते दिसत नाही, फक्त डोक्यात ठेवायचं असतं. पडद्याच्या वर एक दोरी, तिला ऑर्डरच्या चिठ्ठ्या लटकलेल्या. एक चिठ्ठी ओढून मोठी केली की कळतं: अर्ध्या भागावर चार मशरूम, पूर्ण भागावर सहा ऑलिव्ह, भाजायचा एवढा, तुकडे आठ. पेपरोनी एका बाजूला दाटीने पडली तर गुण कापले जात. कापणी वाकडी गेली तरी कापले जात. शेवटी वाट पाहणं, टॉपिंग, भाजणं आणि कापणं या चारही गोष्टींचे टक्के वेगवेगळे दिसत, आणि त्यावर टिप.

तिसरं, आणि माझ्या मते सगळ्यांत महत्त्वाचं: 'पापाज'मधलं गिऱ्हाईक कधीच उठून जात नाही. तुम्ही कितीही उशीर करा, ते उभंच. चेहरा पडेल, वाट पाहण्याचे टक्के घसरतील, टिप तुटपुंजी मिळेल, पण दार आपटून कुणी निघून जाणार नाही आणि 'गेम ओव्हर' अशी पाटी येणार नाही. घड्याळ धमकी देतं, पण शिक्षा करत नाही. दहा-बारा वर्षांच्या मुलाला हे फार मोठं अभय असतं.

त्यात परत परत येणारी तीच गिऱ्हाइकं. त्यांना नावं, त्यांच्या आवडी ठरलेल्या, आणि चांगलं खाऊ घातलं की त्यांचा तारा कांस्य, रौप्य, सुवर्ण असा चढत जाणारा. मग जोजो नावाचा खाद्यसमीक्षक बेरे टोपी घालून येतो. त्याच्यासाठी एकेक टॉपिंग मोजून ठेवणारी माणसं आज मोठ्या कंपन्यांत टीम सांभाळतात.

दिवसभर काम करून कंटाळलेल्या माणसाला कामाचाच खेळ का आवडावा?

कारण खऱ्या कामातलं जे सगळ्यांत दुर्मीळ असतं तेच इथे ठासून भरलंय: काम कुठे सुरू होतं, कुठे संपतं आणि कसं झालं, हे लगेच कळतं.

विचार करा, तुमच्या कामाच्या ठिकाणी चिठ्ठीवर 'पाच कांदे, चार मशरूम' इतकं स्वच्छ कधी लिहून मिळालं होतं? बहुतेक नोकऱ्यांत ऑर्डरच धूसर असते. ती अर्धी होईपर्यंत बदलते. ती झाली का, हे कुणी सांगत नाही. चांगली झाली का, हे वर्षातून एकदा कळतं आणि तेही आडून आडून. पापा लुईच्या दुकानात मात्र तीन मिनिटांत निकाल: भाजणं ९७ टक्के, कापणं ८२ टक्के. वाईट वाटतं, पण नक्की कशाचं वाटतं ते माहीत असतं.

मानसशास्त्रात याच्याशी नातं सांगणारी एक जुनी गोष्ट आहे, आणि योगायोग असा की ती वेटरचीच आहे. बर्लिनमध्ये कुर्ट लेविन यांच्या हाताखाली शिकणाऱ्या ब्लूमा झायगार्निक यांनी १९२७ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला: अर्धवट राहिलेली कामं माणसाला पूर्ण झालेल्यांपेक्षा जास्त आठवतात. या विचाराचं मूळ म्हणून सांगतात ते असं, की कॅफेतल्या वेटरला बिल न दिलेल्या टेबलाची ऑर्डर तोंडपाठ असे आणि पैसे चुकते झाले की तो ती साफ विसरून जाई. नंतरच्या प्रयोगांत हा परिणाम दर वेळी सापडला नाही, त्यामुळे त्याला नियम म्हणू नये. पण दोरीवर चार चिठ्ठ्या लटकत असताना 'आता बंद करते' म्हणून प्रत्यक्षात बंद करणारी मुलगी मी पाहिलेली नाही.

आणि एकापाठोपाठ एक कामं लावण्याची जी कला इथे लागते तिचं समाधान वेगळंच. कुकर लावला की शिट्ट्या होईपर्यंत कणीक मळून घ्यायची, हे जसं कुणी शिकवत नाही, तसंच भट्टीला वेळ लागतो म्हणून आधी पिझ्झा आत सारायचा आणि मग नवी ऑर्डर घ्यायला जायचं, हे चौथ्या-पाचव्या दिवशी हाताला आपसूक कळतं. फ्रीझेरियात तेच मिक्सरच्या बाबतीत.

यातलं खोटं काय, तेही सांगायला हवं. इथे कांदा चिरायचा नाही, पाय दुखत नाहीत, भाडं थकत नाही, मालक ओरडत नाही, गॅस संपत नाही. हॉटेलात खरोखर राबणाऱ्याला हा खेळ विरंगुळा वाटेलच असं नाही. हॉटेलधंद्यातला सगळा चिकट भाग गाळून उरलेली शिस्त तेवढी आपल्या हातात दिलेली आहे.

हा हळवेपणा गेमचा की त्या वयाचा?

दोन्हींचा, आणि आपल्याकडे तरी वयाचा वाटा मोठा असावा.

२००५ ते २०१२ या काळात महाराष्ट्रात वाढलेल्या पुष्कळ मुलांनी हे गेम स्वतःच्या कॉम्प्युटरवर खेळलेच नाहीत. शाळेच्या कॉम्प्युटर लॅबमध्ये सर पाठ वळवून उभे असताना खेळले. एमएस-सीआयटीच्या क्लासला सुट्टीत घातलं होतं, तिथे प्रॅक्टिकलच्या तासाला खेळले. तासावर पैसे घेणाऱ्या नेट कॅफेत खेळले. घरी कॉम्प्युटर असला तरी तो हॉलमध्ये, भावंडांत वाटून, आणि वर महिन्याचा नेटचा कोटा.

हे गेम ब्राउझरमध्ये चालवणारं सॉफ्टवेअर म्हणजे फ्लॅश, आणि इथे त्याची तांत्रिक करामत कामाला आली. फ्लॅशमधली चित्रं बहुतेक रेषा आणि आकारांच्या गणितातून काढली जात, ठिपक्यांच्या फोटोसारखी साठवलेली नसत. त्यामुळे सगळा गेम काही एमबीत मावायचा. एकदा ती लोडिंगची पट्टी भरली की पुढे नेट लागायचंच नाही. डायल-अप तोडून फोन मोकळा केला तरी पिझ्झा भाजला जायचा. हुशार मुलं ती फाइल पेन ड्राइव्हवर घेऊन मित्राकडे जायची.

तुमची प्रगती मात्र त्या एका मशीनच्या हार्ड डिस्कवर एका लहानशा फाइलमध्ये साठायची. म्हणून नेट कॅफेत 'मला तीन नंबरचाच पीसी पाहिजे' असा हट्ट असायचा. कॅफेवाल्याने विंडोज नव्याने टाकलं की सुवर्णताऱ्यांची अख्खी फौज एका दिवसात गेली.

मिनीक्लिप, वाय-एट, कूलमॅथ गेम्स या साइट जगभर चालत तशाच आपल्याकडेही. भारतीय साइटही होत्या. रिलायन्स समूहाची झपॅक २००६ मध्ये सुरू झाली आणि तिच्या जाहिराती टीव्हीवर झळकायच्या. मुंबईची गेम्सटूविनही होती.

सगळे पदार्थ परकेच. मग आपल्याला त्यात काय एवढं वाटलं?

उलट तेच तर वाटलं. पेपरोनी, अँकोव्ही, टाको शेल, मेपल सिरप ही नावं कित्येकांनी पहिल्यांदा या गेममध्ये वाचली. अँकोव्ही हा मासा असतो हे कळल्यावर घरातल्या शाकाहारी मंडळींपुढे स्क्रीन झाकणारेही निघाले. वडापाव किंवा मिसळ असती तर तिखट किती, तर्री वेगळी का, पाव जास्तीचा का, यावर पहिल्याच गिऱ्हाइकाशी वाद झाला असता.

हे 'मुलींचे गेम' होते ना?

साइटवाल्यांनी त्यांना तसं कपाटात घातलं होतं खरं. स्वयंपाक, केक, मेकअप, बाहुलीचे कपडे, सगळं एकाच गुलाबी बटणाखाली. या वाटणीचा तोटा असा झाला की हे गेम बनवायला आणि खेळायला किती डोकं लागतं, याची चर्चा गेमच्या दुनियेत फार उशिरा झाली. वास्तविक 'डायनर डॅश'सारखे गेम पैसे देऊन विकत घेणाऱ्यांत तिशी-चाळिशीच्या बायका मोठ्या संख्येने होत्या. कंपन्यांना ते चांगलं ठाऊक होतं. एक तास फुकट खेळू द्यायचं आणि मग साधारण वीस डॉलर मागायचे, हा त्यांचा धंदाच या बायकांच्या जिवावर उभा होता. आणि गुलाबी बटण दाबताना आजूबाजूला पाहून घेणारे मुलगेही पुष्कळ होते, ते आता मोकळेपणाने कबूल करतात.

मोबाइलवर असे शेकडो गेम आहेत. ते तसे का वाटत नाहीत?

मधे एक पायरी आली ती फेसबुकची. २००९ मध्ये प्लेफिशचा 'रेस्टॉरंट सिटी' आणि झिंगाचा 'कॅफे वर्ल्ड' आले. पहिल्यात मित्रांनाच नोकर म्हणून ठेवता येत असे, आणि आचाऱ्याची टोपी घातलेला आपला कॉलेजचा वर्गमित्र पाहण्यात मजा होती. दुसऱ्यात मात्र पदार्थ खऱ्या घड्याळाने शिजू लागले. चार तासांचा पदार्थ लावला तर चार तासांनी यायलाच हवं, नाहीतर तो वाया. हात आणि डोकं यांच्या चपळाईचा खेळ हजेरीचा खेळ झाला.

मोबाइलवर तो धडा पुढे गेला. लिथुएनियाच्या नॉर्डकरंटचा 'कुकिंग फीव्हर' २०१४ मध्ये आला आणि तो वाईट गेम नव्हे. पण चांगली भट्टी हवी तर हिरे हवेत, हिरे हवेत तर थांबा किंवा पैसे द्या. याच वाटेच्या इतर गेममध्ये 'जीव' संपतात आणि अर्ध्या तासाने भरतात. एखादी लेव्हल कठीण आहे ती तुमचा हात कच्चा म्हणून की तुम्ही खिशात हात घालावा म्हणून, हे ओळखता येत नाही. एकदा हा संशय मनात आला की ९७ टक्क्यांचा आनंद राहत नाही.

जुन्या गेममध्ये दिवस मावळायचा. 'बंद' ची पाटी लागायची, उरलेली गिऱ्हाइकं वाढून झाली की हिशेब, टिप, आणि पुढचा दिवस खेळायचा की नाही हे तुम्ही ठरवायचं. जेवायला हाक आली तर 'हा दिवस संपवून येतो' असं म्हणता यायचं आणि ते खरंही असायचं. त्या दुकानांना उद्या तुम्ही आलात की नाही याची पर्वा नव्हती. मला विचाराल तर आजच्या गेममधून हरवलेली मुख्य गोष्ट हीच.

अपवाद आहेत. 'गुड पिझ्झा, ग्रेट पिझ्झा' मोबाइलवर असूनही जुन्या वळणाचा आहे. 'ओव्हरकुक्ड' (२०१६) आणि 'प्लेटअप' (२०२२) हे चौघांनी मिळून आरडाओरडा करत खेळायचे, जातकुळी तीच. बेंगळुरूच्या न्यूकबॉक्स स्टुडिओजचा 'फूड ट्रक शेफ' हाही या वाटेवरचा भारतीय प्रयत्न.

फ्लॅश बंद का झालं?

थोडक्यात: सुरक्षेतली भोकं, बॅटरीची उधळपट्टी आणि मोबाइल. १९९६ मध्ये वेगळ्या नावाने आलेलं हे सॉफ्टवेअर मॅक्रोमीडियाने घेतलं आणि २००५ मध्ये मॅक्रोमीडिया अडोबीने. आयफोनवर फ्लॅश कधीच चाललं नाही आणि एप्रिल २०१० मध्ये स्टीव्ह जॉब्ज यांनी जाहीर पत्र लिहून त्याची कारणं मांडली. जुलै २०१७ मध्ये अडोबीनेच शेवटाची घोषणा केली. ३१ डिसेंबर २०२० ला पाठिंबा थांबला आणि १२ जानेवारी २०२१ पासून फ्लॅश प्लेयरने आतला मजकूर चालवणंच बंद केलं.

मग आज खेळायचं कसं?

तीन वाटा आहेत.

'रफल' हा फ्लॅशची नक्कल करणारा मोफत प्रोग्राम आहे. तो ब्राउझरमध्ये जोडता येतो आणि कित्येक साइट तो स्वतःच वापरतात. इंटरनेट आर्काइव्हने नोव्हेंबर २०२० पासून त्याच्याच मदतीने फ्लॅशचे गेम जपायला घेतले. जुने, साधे गेम यावर छान चालतात, नंतरचे गुंतागुंतीचे कधी अडखळतात.

'फ्लॅशपॉइंट' हा स्वयंसेवकांनी उभारलेला संग्रह. त्यात एक लाखाहून जास्त गेम आहेत. सगळा उतरवायला टेराबाइटमध्ये जागा लागते, पण हवा तो गेम तेवढाच उतरवून खेळायची सोयही आहे. गंभीरपणे खेळणाऱ्यांनी हाच घ्यावा.

तिसरी वाट पैसे देऊन. फ्लिपलाइनने 'फ्रीझेरिया डिलक्स' २०२३ मध्ये स्टीम या कॉम्प्युटर गेमच्या ऑनलाइन दुकानात आणला. मोबाइलवर त्यांचे 'टू गो' नावाचे गेम आधीपासून आहेत. एकदा विकत घ्या आणि खेळा, हिऱ्यांची भानगड नाही.

एका साइटने 'फ्लॅश प्लेयर अपडेट करा' असं सांगितलं. करू?

नको. अडोबी आता तो कुणालाही देत नाही. देतोय म्हणणारा दुसरंच काहीतरी देतोय.

पुन्हा खेळून पाहिला आणि दहा मिनिटांत कंटाळा आला. माझं काही चुकतंय का?

बहुधा तुम्ही पहिल्याच दिवशी थांबलात. पहिले काही दिवस गिऱ्हाइकं एकेक करून येतात आणि गेम रेंगाळतो. लहानपणी आपल्याला ते जाणवलं नव्हतं, कारण अँकोव्ही म्हणजे काय हेच शोधण्यात वेळ जात होता. दुकान एकदम भरतं ते चार-पाच पातळ्या चढल्यावर. पिझ्झेरियापेक्षा फ्रीझेरियापासून सुरुवात करा. तिथे टिपच्या पैशांतून घंटी, मिक्सरचा गजर अशी साधनं घेता येतात आणि गती लवकर येते. आवाज चालू ठेवा, मिक्सर कुठवर आला हे कानांनी कळतं. आणि तासभर सलग बसू नका, दोन दिवस खेळा आणि उठा.

तरीही नाही आवडला तर नाही आवडला. सगळेच गेम काळाला पुरून उरत नाहीत. 'हॉट डॉगेरिया' मला तेव्हाही जेमतेमच वाटायचा.

माझा जुना सेव्ह परत मिळेल का?

नेट कॅफेतला असेल तर विसरा. घरचा जुना पीसी माळ्यावर असेल आणि हार्ड डिस्क चालत असेल, तर आशा आहे. विंडोजमध्ये तुमच्या नावाच्या फोल्डरात अ‍ॅपडेटा, त्यात रोमिंग, त्यात मॅक्रोमीडिया, त्यात फ्लॅश प्लेयर, आणि तिथे शेअर्ड ऑब्जेक्ट्स नावाचा फोल्डर असतो. अ‍ॅपडेटा लपवलेला असतो, तेव्हा आधी लपवलेल्या फाइल दाखवण्याची सेटिंग चालू करा. आत ज्या साइटवर खेळायचात तिच्या नावाचे फोल्डर आणि त्यांत डॉट एसओएल शेवट असलेल्या फाइल सापडतील. त्यांची आधी एक प्रत काढून ठेवा. गेम रफलवर सुरू केल्यावर उजवं बटण दाबून सेव्ह सांभाळण्याचा पर्याय मिळतो. तिथे नवा सेव्ह तयार झाल्यावर त्याच्या जागी जुनी फाइल घालून बघता येते. गेमची आवृत्ती आणि साइट तीच असेल तर जमण्याची शक्यता जास्त.